काळी एक, पांढरी चार : पेटी आणि कीबोर्डच्या पट्ट्यांची ओळख (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

भजनी मंडळाची पेटी, झाडीपट्टीतल्या नाटकाचा ऑर्गन, पोरांना शिकायला आणलेला कीबोर्ड आणि शहरातल्या सभागृहातला पियानो या सगळ्यांवर पट्ट्यांची मांडणी एकच असते. एका वाद्यावर ती नीट कळली की बाकीच्यांवर नव्याने शिकावी लागत नाही. गावात शिकवणारा मिळत नाही म्हणून मोबाइलवर व्हिडिओ पाहून शिकणारे खूप आहेत, आणि बहुतेकांची गाडी दोन-तीन ठरावीक ठिकाणी अडते. खालचे प्रश्न त्याच ठिकाणांचे आहेत.

एवढ्या पट्ट्या सारख्याच दिसतात. सुरुवात कुठून करायची?

पांढऱ्या पट्ट्या सारख्या दिसतात, काळ्या दिसत नाहीत. काळ्या पट्ट्यांकडे नीट पाहा: दोनांची जोडी, मग थोडी मोकळी जागा, मग तिघांचा गट, पुन्हा मोकळी जागा, पुन्हा जोडी. हाच क्रम या टोकापासून त्या टोकापर्यंत चालतो. पांढरी पट्टी ओळखायची ती तिच्या शेजारच्या काळ्यांवरून.

जोडीच्या डाव्या बाजूला चिकटून असलेली पांढरी पट्टी म्हणजे पांढरी एक. जोडीच्या मधोमध पांढरी दोन, जोडीच्या उजवीकडे पांढरी तीन. तिघांच्या गटाच्या डावीकडे पांढरी चार. त्या गटाच्या पहिल्या दोन काळ्यांमध्ये पांढरी पाच, पुढच्या दोन काळ्यांमध्ये पांढरी सहा, आणि गटाच्या उजवीकडे पांढरी सात. तिला लागून पुन्हा पांढरी एक येते, पण वरच्या सप्तकातली.

काळ्या पाचच. जोडीतल्या दोन म्हणजे काळी एक आणि काळी दोन. तिघांतल्या म्हणजे काळी तीन, चार, पाच. सात पांढऱ्या आणि पाच काळ्या मिळून बारा पट्ट्या, म्हणजे एक सप्तक. तेराव्या पट्टीपासून तीच नावं पुन्हा सुरू होतात.

पेटीच्या डाव्या टोकापासून मोजत येण्याची सवय मात्र लावून घेऊ नका. बऱ्याच पेट्या पांढरी एकपासून सुरू होतात, सगळ्या होत नाहीत. पियानोची पहिली पट्टी तर पांढरी सहा असते. टोकावरून मोजणारा माणूस दुसऱ्या गावच्या पेटीवर बसला की चुकतो. जोडी आणि तिघांचा गट पाहणारा कुठेही चुकत नाही.

व्हिडिओत सी, डी, ई म्हणतात. आपली पांढरी-काळी त्यात कशी बसवायची?

पांढरी एक म्हणजे सी. तिथून क्रमाने दोन डी, तीन ई, चार एफ, पाच जी, सहा ए, सात बी. जी नंतर पुन्हा ए येतो, एच येत नाही. (जर्मन पद्धतीत मात्र पांढरी सातला एच म्हणतात, पण आपल्याकडच्या कीबोर्डवर तुम्हाला तो दिसणार नाही.)

प्रत्येक काळीला दोन नावं असतात. काळी एक ही सीच्या उजवीकडे आहे म्हणून सी शार्प आणि डीच्या डावीकडे आहे म्हणून डी फ्लॅट. पट्टी एकच, आवाजही एकच. तसंच काळी दोन म्हणजे डी शार्प किंवा ई फ्लॅट, काळी तीन म्हणजे एफ शार्प किंवा जी फ्लॅट, काळी चार म्हणजे जी शार्प किंवा ए फ्लॅट, काळी पाच म्हणजे ए शार्प किंवा बी फ्लॅट. कीबोर्डच्या पडद्यावर कधी एक नाव येतं, कधी दुसरं.

एक फसवी जागा सांगून ठेवतो. काही परदेशी व्हिडिओंत डो, रे, मी, फा, सोल, ला, सी अशी नावं असतात. त्यातला शेवटचा ‘सी’ म्हणजे पांढरी सात, पांढरी एक नव्हे. आणि त्यांचा ‘रे’ कायम पांढरी दोनवरच असतो. आपला रे तसा नसतो, तो पुढच्या प्रश्नात.

सा कोणत्या पट्टीवर असतो?

ज्या पट्टीवर तुम्ही धराल तिच्यावर. हे एकच वाक्य पक्कं समजलं तर अर्धं काम झालं. पांढरी एक, काळी तीन ही पट्ट्यांची नावं आहेत, ती जागची हलत नाहीत. सा, रे, ग ही स्वरांची नावं आहेत, ती गाणाऱ्याच्या गळ्याप्रमाणे सरकतात. घराचा नंबर आणि घरात राहणारा माणूस, एवढा फरक आहे.

बहुतेक व्हिडिओंत सोयीसाठी सा पांढरी एकवर धरतात, कारण तिथे सातही शुद्ध स्वर पांढऱ्या पट्ट्यांवर येतात. त्यामुळे शिकणाऱ्याच्या डोक्यात ‘सा म्हणजे सी’ असं बसून जातं. पुढे मंडळात बुवांनी “काळी एक द्या” म्हटलं की हात थांबतो. म्हणून पहिल्या आठवड्यापासूनच सा निदान तीन वेगवेगळ्या पट्ट्यांवर धरून पाहा.

कोणत्याही पट्टीवर सा धरला तर बाकीचे स्वर कसे शोधायचे?

पावलं मोजून. शेजारच्या पट्टीवर जाणं म्हणजे एक पाऊल. शेजारची पट्टी काळी असो वा पांढरी, भेद करायचा नाही. पांढरी तीन आणि चार यांच्यामध्ये, तसंच पांढरी सात आणि वरची एक यांच्यामध्ये काळी पट्टीच नाही, म्हणून तिथे पांढरीवरून पांढरीवर जाणं हेही एकच पाऊल.

शुद्ध स्वरांची पावलं अशी: सा ते रे दोन, रे ते ग दोन, ग ते म एक, म ते प दोन, प ते ध दोन, ध ते नी दोन, नी ते वरचा सा एक. एकूण बारा. दोन-दोन-एक, दोन-दोन-दोन-एक. हे तोंडपाठ करा.

सगळ्यांची चूक होते ती मोजणी सुरू करताना. ज्या पट्टीवर बोट आहे तिलाच ‘एक’ म्हणतात आणि सगळी सरगम एका पट्टीने खाली येते. वावराच्या कुंपणाला खांब किती आणि दोन खांबांमधले गाळे किती, यात एकाचा फरक पडतो ना, तसंच हे आहे. सा हा पहिला खांब. मोजायचे ते गाळे.

पडताळा सोपा आहे: सातव्या मोजणीनंतर तुम्ही बरोबर सा धरला होता तशाच, वरच्या सप्तकातल्या पट्टीवर यायला हवं. काळी दोनवरून निघालात तर काळी दोनवरच पोहोचाल. दुसरीकडे पोहोचलात तर मध्ये कुठेतरी चुकलं. बहुतेक वेळा ग-म च्या जागी.

काळी एकमध्ये सरगम कशी येते? बोटं कशी ठेवायची?

पुरुषांच्या भजनात ही फार लागते, म्हणून पूर्ण देतो. सा काळी एक, रे काळी दोन, ग पांढरी चार, म काळी तीन, प काळी चार, ध काळी पाच, नी वरची पांढरी एक, सा वरची काळी एक.

अंगठ्याला १, तर्जनीला २, मधल्या बोटाला ३, अनामिकेला ४ म्हटलं तर उजव्या हाताची बोटं येतात: २, ३, १, २, ३, ४, १, २. म्हणजे अंगठा फक्त दोन पांढऱ्या पट्ट्यांवर, ग आणि नी वर, पडतो. नवशिके उलट करतात. अंगठा काळीवर टाकतात आणि मग सगळा पंजा पुढे ढकलला जाऊन मनगट आखडतं. काळीवर शक्यतो लांब बोटं, पांढरीवर अंगठा, हा नियम बहुतेक ठिकाणी चालतो.

काळी दोनमध्ये: सा काळी दोन, रे पांढरी चार, ग पांढरी पाच, म काळी चार, प काळी पाच, ध पांढरी एक, नी पांढरी दोन. काळी चारमध्ये: सा काळी चार, रे काळी पाच, ग पांढरी एक, म काळी एक, प काळी दोन, ध पांढरी चार, नी पांढरी पाच. सुरुवातीला सोपं हवं असेल तर पांढरी चार किंवा पांढरी पाच घ्या. पांढरी चारमध्ये फक्त म काळीवर जातो (काळी पाच), पांढरी पाचमध्ये फक्त नी (काळी तीन).

काळ्या पट्ट्या म्हणजे कोमल स्वर, हे बरोबर ना?

नाही. कोमल म्हणजे शुद्ध स्वराच्या एक पाऊल खालचा, तीव्र म्हणजे एक पाऊल वरचा. सा पांढरी एकवर असेल तेव्हाच ते खरं ठरतं: कोमल रे काळी एक, कोमल ग काळी दोन, तीव्र म काळी तीन, कोमल ध काळी चार, कोमल नी काळी पाच. लक्षात घ्या, तेव्हाही काळी तीन ही कोमल नसते, तीव्र असते.

आता सा काळी एकवर न्या. कोमल रे पांढरी दोनवर, कोमल ग पांढरी तीनवर, तीव्र म पांढरी पाचवर, कोमल ध पांढरी सहावर, कोमल नी पांढरी सातवर. एकही काळीवर नाही! शेवटची भैरवी काळी एकमध्ये वाजवायची असेल तर सा, म, प काळ्यांवर आणि रे, ग, ध, नी हे चारही कोमल पांढऱ्यांवर येतात.

लिहिलेल्या सरगमीत भातखंडे पद्धत असेल तर कोमल स्वराखाली आडवी रेघ, तीव्र म वर उभी रेघ, मंद्र (खालच्या) सप्तकासाठी स्वराखाली टिंब आणि तार (वरच्या) सप्तकासाठी वर टिंब असतं. झेरॉक्समध्ये टिंबं उडून जातात, तेव्हा मूळ पानाशी ताडून घ्या.

फक्त काळ्या पट्ट्या वाजवल्या तरी गोड का लागतं?

कारण पाच काळ्यांत कुठेही एका पावलाचं अंतर नाही, त्यामुळे कानाला खुपणारी जोडीच तयार होत नाही. पण खरी गंमत पुढे आहे. पट्ट्या त्याच पाच ठेवा आणि सा बदलत जा.

काळी तीनवर सा धरला तर सा रे ग प ध मिळतात, म्हणजे भूप रागाचे स्वर. काळी एकवर धरला तर सा रे म प ध, दुर्गाचे. काळी दोनवर सा, कोमल ग, म, प, कोमल नी, म्हणजे धानीचे. काळी चारवर सा, रे, म, प, कोमल नी, म्हणजे मधमाद सारंगाचे. आणि काळी पाचवर सा, कोमल ग, म, कोमल ध, कोमल नी: मालकंस!

सा सरकतो म्हणजे काय होतं, हे कानाने समजून घ्यायला याहून चांगला धडा नाही. भाता भरून घ्या, शक्य असेल तर दुसऱ्या कुणाला सा दाबून धरायला सांगा आणि त्याच पाच पट्ट्यांवर बोटं फिरवा. सा बदलला की तेच स्वर वेगळाच रंग दाखवतात. एवढ्याने राग होत नाही, त्याला चलन (स्वरांची ठरलेली चाल) लागतं, पण ओळख होते.

“तुमची पट्टी कोणती?” म्हणजे नेमकं काय विचारतात?

‘पट्टी’ हा शब्द दोन अर्थांनी चालतो. एक म्हणजे बोटाने दाबायची लाकडी किंवा प्लास्टिकची पट्टी. दुसरा म्हणजे गाणाऱ्याचा सा ज्या सुरावर आहे तो सूर, ज्याला कुणी स्केल म्हणतं. “माझी पट्टी काळी दोन” याचा अर्थ “माझा सा काळी दोनवर धरा.” आपल्या भागात पांढरीला ‘सफेद’ म्हणणारेही बरेच आहेत, सफेद चार आणि पांढरी चार एकच.

मंडळात पुरुष आणि बाया एकत्र गातात तेव्हा पट्टी कोणती धरावी?

पुरुषांचा सा साधारण पांढरी एक ते पांढरी तीनच्या दरम्यान आणि बायांचा पांढरी पाच ते पांढरी सातच्या दरम्यान असतो. गळ्यागणिक फरक पडतोच. म्हणजे पुरुष काळी एकमध्ये गात असतील तर बायांना त्या पट्टीचा म किंवा प, म्हणजे काळी तीन किंवा काळी चार, सा म्हणून सोयीचा पडतो. दोघांच्या मधली एखादी पट्टी धरून दोघांनाही ताणण्यापेक्षा सामुदायिक प्रार्थना ज्यांचे गळे जास्त आहेत त्यांच्या पट्टीत आणि एकट्याचं भजन गाणाऱ्याच्या पट्टीत, हे आम्हाला बरं वाटतं.

स्वतःची पट्टी शोधायची तर सकाळी उठल्याउठल्या पाहू नका, तेव्हा गळा खाली असतो. दिवस वर आल्यावर गाऊन पाहा. खालचा मंद्र प ऐकू येईल इतका लागला आणि वरचा तार म न ओरडता लागला की तो सा तुमचा.

पेटीवर ३७, ३९, ४२ पट्ट्या, कीबोर्डवर ६१, पियानोवर ८८. फरक कशात?

फक्त सप्तकांच्या संख्येत. ३७ म्हणजे तीन सप्तकं आणि वरचा एक. ४२ म्हणजे साधारण साडेतीन. ६१ म्हणजे पाच सप्तकं आणि एक (३६ पांढऱ्या, २५ काळ्या). पियानोच्या ८८ मध्ये ५२ पांढऱ्या आणि ३६ काळ्या. भजनाला ३७ पुरतात. ६१ पट्ट्यांच्या कीबोर्डवर डावीकडून तिसरी पांढरी एक ही ‘मिडल सी’; व्हिडिओत तिचं नाव सतत येतं. पियानोवर ती डावीकडून चौथी.

लहान मुलांच्या खेळण्यातल्या ३२ अरुंद पट्ट्यांच्या कीबोर्डवर नावं शिकता येतात, बोटं मात्र चुकीची बसतात. त्यावर फार दिवस काढू नका.

पट्ट्यांवर नावांचे स्टिकर लावावेत का?

आमचं मत: लावू नयेत. डोळे स्टिकर वाचतात आणि काळ्यांचे गट पाहायचं विसरतात. सा-रे-ग लिहिलेले स्टिकर तर मुळीच नकोत, कारण सा हलला की सगळे खोटे ठरतात. शिवाय नवतपात (मे अखेरच्या कडक उन्हात) डिंक वितळून पट्टीवर पसरतो आणि त्यावर धूळ बसते. अगदीच हवं असेल तर मधल्या सप्तकातल्या पांढरी एकवर खडूचा बारीक ठिपका द्या. वाजवताना आठ दिवसांत तो पुसला जातो, आणि तोवर त्याची गरजही उरत नाही.

घरी वाद्य नाही. तरी शिकता येईल का?

नावं आणि बोटं शिकता येतात. कार्डशीटवर मांडणी काढा. पांढरी पट्टी २.३ सेंमी रुंद, १५ सेंमी लांब. अशा २२ पट्ट्या आखल्या की तीन सप्तकं आणि वरची पांढरी एक होते, एकूण लांबी ५०.६ सेंमी. काळ्या सुमारे १ सेंमी रुंद आणि ९.५ सेंमी लांब, वरच्या कडेपासून खाली. तीन-चारच्या आणि सात-एकच्या रेघेवर काळी काढायची नाही. ही मापं पियानोची आहेत; पेटीच्या पट्ट्या थोड्या अरुंद असतात. शीट सतरंजीवर ठेवा, स्वर तोंडाने म्हणा आणि बोट ठेवा. आवाजाची पडताळणी मोबाइलवरच्या पियानो अ‍ॅपवर करता येते.

पट्ट्या बरोबर दाबतो, तरी कीबोर्डचा सूर पेटीशी जुळत नाही. का?

आधी ट्रान्सपोज पाहा. ते बटण दाबलेलं असेल तर पांढरी एक दाबल्यावर आवाज काळी एकचा किंवा आणखी कुठला येतो. पडद्यावर ट्रान्सपोजचा आकडा शून्य करा. बऱ्याच कीबोर्डवर बंद करून चालू केलं की तो आपोआप शून्यावर येतो. स्केल चेंजर पेटीवरही हेच होतं: पट्ट्यांची फळी सरकवलेली असते आणि आधीच्या वादकाने ती जागेवर आणलेली नसते.

दोन्ही ठीक असेल तर पेटीच उतरलेली किंवा चढलेली असेल. मोबाइलवर ट्यूनर अ‍ॅप लावा, पेटीची रीडची (सूर देणाऱ्या पितळी जिभांची) एकच ओळ उघडी ठेवा, भाता एकसारखा हलवा आणि मधली पांढरी सहा दाबा. ती ४४० हर्ट्झच्या आसपास हवी. जुन्या पेट्या यापासून दूर असतात. अशी पेटी एकटी गोड वाजते, कीबोर्डसोबत वाजत नाही. रीड घरी घासून सूर लावायचा प्रयत्न करू नका. घासलेलं पितळ परत येत नाही.

पेटीचा ग तंबोऱ्याशी थोडा चढा वाटतो. कानाचा दोष आहे का?

कान बरोबर आहे. पेटी-पियानोवर सप्तकाचे बारा सारखे भाग केलेले असतात, म्हणून सा कुठेही धरता येतो. त्याची किंमत अशी की शुद्ध ग तंबोऱ्यातून ऐकू येणाऱ्या गपेक्षा थोडा वर बसतो; एका पावलाचे १०० भाग केले तर सुमारे १४ भाग. प फक्त २ भाग खाली असतो, तो जाणवत नाही.

एक पट्टी वाजतच नाही, दुसरी वर येत नाही. काय करावं?

पावसाळ्यातल्या दमट दिवसांत लाकूड फुगून पट्ट्या एकमेकींना घासतात. तेल टाकू नका. पेटी कोरड्या खोलीत, जमिनीपासून वर ठेवा. पाऊस उघडल्यावर बऱ्याच पट्ट्या आपोआप मोकळ्या होतात. पट्टी न दाबताही सूर वाजत राहत असेल तर पट्टीखालच्या झडपेत कचरा अडकलेला असतो किंवा तिची तार ढिली झालेली असते. वरची जाळी काढून कोरड्या ब्रशने साफ करा. सूर अजिबात येत नसेल तर रीडमध्ये धुळीचा कण असतो. तोंडाने फुंकू नका, ओलाव्याने पितळावर काट चढतो.

आणि पेटी बंद करताना भाता अडकवून ठेवा. उघड्या भात्यात उंदीर शिरतात.

कीबोर्डला कोणताही अडॅप्टर चालतो का?

नाही. कीबोर्डच्या मागे व्होल्ट लिहिलेले असतात आणि एका वर्तुळाची खूण असते, जी मधल्या पिनेवर अधिक आहे की उणे ते सांगते. दोन्ही जुळले पाहिजेत. उलट अडॅप्टर लावला तर आतली पाटी जळू शकते. भारनियमनाचा त्रास असेल तर सेलवर चालणारा कीबोर्ड घ्या.

रोज किती वेळ द्यावा?

पंधरा मिनिटं, पण रोज. पहिले दोन दिवस डोळे मिटून बोटांनी फक्त जोडी आणि तिघांचा गट शोधा. तिसऱ्या-चौथ्या दिवशी सगळ्या सप्तकांतल्या पांढरी एक आणि पांढरी चार. मग दोन, तीन, सात. शेवटी पाच आणि सहा, कारण याच दोघींत सगळ्यांचा गोंधळ होतो. आठव्या दिवसापासून घरातल्या कुणाला तरी “काळी चार”, “पांढरी सहा” असं आडवंतिडवं विचारायला सांगा आणि दोन सेकंदांत बोट ठेवा. ते जमलं की पांढरी एक, पांढरी पाच आणि काळी एक या तिन्हींवर सरगम.

कापूस वेचणीच्या दिवसांत बोंडांच्या टोकांनी बोटं ओरखडलेली असतात. तेव्हा बोटाच्या टोकाने न दाबता गादीने दाबा आणि फक्त नावं म्हणत सावकाश फिरवा. वेग वेचणी संपल्यावर वाढवता येतो.